हाताने लिहिलेल्या कोडच्या तोडीस तोड: फोरट्रानचा पहिला कंपायलर, १९५३ ते १९५८

परिस्थिती

१९५३ साली वैज्ञानिक आकडेमोड करणाऱ्या एखाद्या संगणक केंद्राच्या खर्चाची वही उघडली, तर एक गोष्ट लगेच डोळ्यांत भरली असती. यंत्राच्या भाड्याइतका, कधी त्याहून जास्त पैसा प्रोग्रॅमरांच्या पगारावर जात होता. शिवाय यंत्राचा पाव ते निम्मा वेळ प्रोग्रॅममधल्या चुका शोधण्यात खर्ची पडत होता. दोन्ही धरून एकूण खर्चातला सुमारे पाऊण हिस्सा प्रोग्रॅम लिहिणं आणि दुरुस्त करणं यातच संपायचा. यंत्रं दरवर्षी वेगवान आणि कामाच्या मानाने स्वस्त होत होती, त्यामुळे हा हिस्सा वाढतच जाणार हे उघड होतं.

आयबीएममधला तिशीला टेकलेला जॉन बॅकस हा हिशेब मांडत होता. त्याने १९५३च्या अखेरीस आपला वरिष्ठ कथबर्ट हर्ड याला एक छोटं पत्र लिहिलं: येऊ घातलेल्या आयबीएम ७०४ या यंत्रासाठी माणसाने गणिती सूत्रं लिहावीत आणि यंत्राने स्वतःच त्यांचा यंत्र-कोड, म्हणजे यंत्राला थेट कळणाऱ्या आज्ञा, बनवावा, अशी व्यवस्था उभारू द्या. हर्डने होकार दिला. हीच व्यवस्था म्हणजे फोरट्रान, आणि तिच्यातला सूत्रांचा यंत्र-कोड बनवणारा प्रोग्रॅम म्हणजे तिचा कंपायलर. वेळापत्रक आणि अंदाजपत्रकाचा फारसा जाच नव्हता. आज असा प्रस्ताव एवढ्यावर मंजूर होईल असं मला वाटत नाही.

बॅकसची पार्श्वभूमीही सांगायला हवी. व्हर्जिनिया विद्यापीठातून तो अभ्यासाच्या नावाने शंख करून बाहेर पडला, मग सैन्यात गेला, आणि पुढे कोलंबिया विद्यापीठातून गणिताची पदवी घेऊन १९५० साली आयबीएमच्या न्यूयॉर्क कार्यालयात लागला. यंत्रभाषेत प्रोग्रॅम लिहिण्याचा त्याला मनापासून कंटाळा होता आणि तो हे लपवत नसे. या प्रकरणात त्या कंटाळ्याचा वाटा मोठा आहे.

आधी काय काय करून झालं होतं

‘यंत्रानेच प्रोग्रॅम लिहावा’ ही कल्पना बॅकसची नव्हे. जर्मनीत कोनराड त्सूझेने युद्धकाळातच प्लानकाल्क्यूल नावाची भाषा कागदावर आखली होती. ती चालवून पाहायला त्याच्याजवळ यंत्र नव्हतं. झ्युरिकमध्ये हाइन्झ रुटिसहाउझर आणि कोराडो बोम यांनी १९५१च्या सुमारास सूत्रांचं यंत्र-कोडमध्ये रूपांतर कसं करता येईल हे लिहून ठेवलं. मँचेस्टरला ॲलिक ग्लेनीने १९५२ मध्ये ऑटोकोड नावाचा असाच अनुवादक चालवून दाखवला. फिलाडेल्फियात ग्रेस हॉपर यांचं ए-० हे काम युनिव्हॅक संगणकावर सुरू होतं. ते आजच्या अर्थाने कंपायलरपेक्षा तयार उपप्रोग्रॅम जोडणाऱ्या लिंकरच्या जास्त जवळचं होतं, पण यंत्राकडून प्रोग्रॅम तयार करून घेण्याची सवय लावण्यात त्याचा वाटा मोठा.

खुद्द बॅकसनेही ७०१ या यंत्रासाठी स्पीडकोडिंग नावाची व्यवस्था केली होती. ती इंटरप्रिटर पद्धतीची होती: एकेक आज्ञा वाचायची, तिचा अर्थ लावायचा, ती पार पाडायची आणि पुढे जायचं. प्रोग्रॅम लिहिण्याचे आठवडे वाचायचे, पण यंत्र रखडायचं.

तरीही ही रखड त्या काळात खपून जात होती, आणि त्याचं कारणच या प्रकरणाच्या मुळाशी आहे. ७०१ ला दशांश चिन्ह सरकतं ठेवून केलेली, म्हणजे फ्लोटिंग पॉइंटची आकडेमोड यंत्रात जन्मजात येत नव्हती. तिच्यासाठी उपप्रोग्रॅम लिहावे लागत आणि यंत्राचा बहुतेक वेळ त्यांतच जाई. इंटरप्रिटरने वर आणखी थोडा वेळ खाल्ला, तर लग्नाच्या खर्चात हारतुऱ्यांचे पैसे जसे कोणी मोजत नाही, तसं व्हायचं. त्या काळच्या स्वयंचलित व्यवस्था या आडोशाला उभ्या होत्या.

जीन ॲमडालच्या आराखड्यातून उतरलेल्या ७०४ ने तो आडोसाच काढून घेतला. १९५४च्या मे महिन्यात जाहीर झालेल्या या यंत्रात फ्लोटिंग पॉइंटची गणितं हार्डवेअरमध्येच होत होती, आणि यादीतल्या घटकांपर्यंत पोहोचण्यासाठी तीन इंडेक्स रजिस्टर, म्हणजे पत्त्याची मोजणी ठेवणाऱ्या छोट्या जागा, होते. आता मूळ गणितच झटपट उरकणार, म्हणजे अनुवादकाचा प्रत्येक गबाळा कोड उघडा पडणार. एमआयटीत लॅनिंग आणि झिर्लर यांनी व्हर्लविंड संगणकावर सूत्रं थेट स्वीकारणारी सुरेख व्यवस्था केली होती. बॅकसच्या गटाने ती जून १९५४ मध्ये पाहिली. लिहायला सोपी, वाचायला सोपी, आणि हाताने लिहिलेल्या कोडच्या मानाने सुमारे दसपट मंद. ७०४च्या गिऱ्हाइकांपुढे असं काही ठेवून चालणार नव्हतं.

निर्णय

गटासमोर दोन वाटा होत्या: भाषा देखणी करण्यात वेळ घालायचा, की तिच्यातून निघणाऱ्या कोडवर. त्यांनी दुसरी वाट धरली आणि इतक्या ठामपणे धरली, की भाषेकडे जवळपास दुर्लक्षच झालं. बॅकसने नंतर मोकळेपणाने सांगितलं आहे, की भाषा ठरवणं त्यांना अवघड वाटलंच नाही. काम करता करता ती रचत गेले. अवघड होता तो कंपायलर. निघालेला कोड हाताने लिहिलेल्यापेक्षा निम्म्या वेगाने चालला, तरी लोक ही व्यवस्था फेकून देतील अशी त्याची धास्ती होती.

ती अनाठायी नव्हती. १० नोव्हेंबर १९५४ च्या प्राथमिक अहवालानंतर बॅकस, हेरिक आणि झिलर ७०४ मागवलेल्या कंपन्यांना भेटून आले. थंडा प्रतिसाद मिळाला. ‘आमचं यंत्र तुमच्यासाठी प्रोग्रॅम लिहील’ अशा बढाया त्या लोकांनी आधीही ऐकल्या होत्या. शिवाय यंत्रभाषेतले कसबी प्रोग्रॅमर स्वतःला एका गुप्त विद्येचे पुजारी समजत, आणि पुजाऱ्याला गाभाऱ्याची किल्ली दुसऱ्याच्या हाती द्यायची घाई कशाला असेल? या फेरीतून पदरात पडलेली मोठी गोष्ट एकच: युनायटेड एअरक्राफ्टने आपला प्रोग्रॅमर रॉय नट या गटात काम करायला दिला. तो कनेक्टिकटहून न्यूयॉर्कला येऊन-जाऊन काम करायचा.

गटातली माणसंही एका साच्यातली नव्हती. डेव्हिड सेयर स्फटिकशास्त्रज्ञ होता आणि त्या क्षेत्रात त्याचं नाव आधीच झालेलं होतं. शेल्डन बेस्ट एमआयटीकडून उसना आला होता. लोइस हाइब्ट व्हासर कॉलेजातून नुकतीच बाहेर पडली होती. हार्लन हेरिक, अर्व्हिंग झिलर, रॉबर्ट नेल्सन, पीटर शेरिडन, रिचर्ड गोल्डबर्ग धरून हा मोजक्याच माणसांचा गट होता. कंपायलर कसा लिहावा हे शिकवणारं पुस्तक तेव्हा नव्हतंच, त्यामुळे ‘अनुभवी माणूस हवा’ अशी अट घालायची सोयच नव्हती.

कंपायलरच्या पोटात

काम सहा विभागांत वाटलं गेलं. एका विभागाचं फलित पुढच्याचं अन्न. ७०४ च्या ४०९६ शब्दांच्या मेमरीत सगळा कंपायलर मावणं शक्य नव्हतं, म्हणून विभाग चुंबकीय ड्रम आणि टेप या बाहेरच्या साठवणीच्या आधाराने एकामागून एक चालत. चारांबद्दल थोडक्यात आणि दोनांबद्दल सविस्तर सांगतो, कारण खरी करामत त्या दोनांत आहे.

पहिला विभाग विधानं, म्हणजे प्रोग्रॅमच्या ओळी, वाचून सूत्रांची फोड करी. गुणाकार बेरजेआधी होतो हे यंत्राला कसं कळावं? शेरिडनच्या विभागातली युक्ती इतकी साधी आहे, की पाहून हसू येतं. सूत्राच्या आरंभी दोन कंस उघडायचे, शेवटी दोन मिटायचे. प्रत्येक अधिक चिन्हाच्या जागी ‘))+((’ लिहायचं आणि प्रत्येक गुणाकाराच्या जागी ‘)×(’. मग ‘क+ख×ग’चं होतं ‘((क))+((ख)×(ग))’. पाहा, ख आणि ग आपोआप एका घरात गेले. घातांकासाठी कंसांचा आणखी एक थर. व्याकरणाचा सिद्धांत नाही, झाडाच्या आकृत्या नाहीत. नुसते कंस वाढवले आणि अग्रक्रमाचा प्रश्न मिटला. जास्तीचे कंस नंतर काढता येतात.

नेल्सन आणि झिलर यांचा दुसरा विभाग सर्वांत अवघड. लूपमध्ये, म्हणजे पुन्हा पुन्हा चालणाऱ्या आज्ञांच्या गटात, एखाद्या कोष्टकातले घटक ओळीने वाचायचे आहेत असं समजा. प्रत्येक घटकाचा मेमरीतला पत्ता काढायला स्तंभाचा क्रमांक एका स्तंभातल्या घटकसंख्येने गुणायचा, मग ओळीचा क्रमांक मिळवायचा. सरळमार्गी अनुवादक दर फेरीला हा गुणाकार करणार. कसलेला प्रोग्रॅमर हे कधीच करणार नाही. पुढचा घटक ठराविक अंतरावर आहे हे तो जाणतो, म्हणून रजिस्टरमध्ये फक्त तेवढी भर घालतो आणि पुढे सरकतो. गुणाकार लूपच्या बाहेर, एकदाच. नेल्सन आणि झिलर यांनी ही कसबी नजर यंत्राला दिली: एकात एक अडकलेल्या लूपमध्ये कोणती गणना आत हवी, कोणती बाहेर काढता येईल, कोणती दोन ठिकाणी सामाईक आहे, हे त्यांचा विभाग शोधून काढी. (जाता जाता: ७०४ चे इंडेक्स रजिस्टर पत्त्यात मिळवले जात नसत, वजा होत. म्हणून फोरट्रानची कोष्टकं मेमरीत उलटी, मोठ्या पत्त्याकडून लहानाकडे मांडली जात.) निघालेला कोड पाहून गटातलेच लोक चक्रावत. हे चुकलंय असं वाटून ते तपासायला बसत, आणि कंपायलरने आपल्याला सुचलंच नसतं असं काहीतरी बरोबर केलंय हे काही वेळाने लक्षात येई.

या दोन्ही विभागांनी एक मोठी सवलत घेतली होती: यंत्रात हवे तितके इंडेक्स रजिस्टर आहेत असं मानून ते कोड लिहीत. प्रत्यक्षात होते तीन. हे ओझं पुढच्यांवर टाकणं मला या आराखड्यातला सर्वांत शहाणपणाचा निर्णय वाटतो. पत्त्यांचं गणित आणि रजिस्टरची टंचाई हे दोन प्रश्न एकत्र सोडवायला गेले असते, तर एकही सुटला नसता. आजचे कंपायलरही आधी अमर्याद काल्पनिक रजिस्टर धरतात आणि मग खऱ्यांत बसवतात.

तिसरा विभाग मधला पूल. चौथा हाइब्टचा, आणि त्यातली कल्पना धाडसी आहे. प्रोग्रॅमचा कोणता भाग किती वेळा चालेल हे कळल्याशिवाय मोजके रजिस्टर कुठे खर्चायचे हे ठरत नाही. म्हणून कंपायलर प्रोग्रॅम न चालवताच त्याची नक्कल करी. जिथे दोन वाटा फुटतात तिथे जणू फासे टाकायचे, एक वाट धरायची आणि अशा असंख्य फेऱ्या मारून कोणता भाग किती वेळा लागला ते मोजायचं. प्रोग्रॅमरला ‘ही वाट इतक्या वेळा, ती तितक्या वेळा’ असा अंदाज देता यावा म्हणून भाषेत ‘फ्रीक्वेन्सी’ नावाचं विधानही होतं. त्या आकड्यांवरून पाचव्या विभागात बेस्टने सर्वांत वर्दळीच्या भागापासून सुरुवात करून रजिस्टर वाटले. जागा कमी पडली की कोणतं रजिस्टर रिकामं करायचं? ज्यातल्या मूल्याची पुढची गरज सर्वांत लांब आहे ते. हाच विचार पुढे १९६६ मध्ये बेलाडी या संशोधकाच्या मेमरी व्यवस्थापनावरच्या कामात प्रसिद्ध झाला. सहावा विभाग रॉय नटचा. तो शेवटचा यंत्र-कोड जुळवून देई.

‘सहा महिन्यांनी या’

काम कधी संपणार असं कोणी विचारलं, की गटाचं उत्तर ठरलेलं: सहा महिन्यांत. १९५४ मध्येही सहा महिने, १९५५ मध्येही सहा महिने. सॉफ्टवेअरच्या धंद्यातल्यांना हे नवीन वाटणार नाही. गंमत म्हणजे वरून फारसा दट्ट्या आला नाही. हर्डचं हे सगळ्यात मोठं योगदान असावं.

१९५६च्या वसंतापासून चुका काढण्याचं काम रात्रंदिवस चाललं. यंत्र मिळायचं ते बहुतेक रात्री. मग मंडळी न्यूयॉर्कच्या ५६व्या रस्त्यावरच्या लँग्डन हॉटेलात खोल्या घेऊन दिवसा थोडी झोप काढत आणि रात्रभर यंत्रापाशी बसत. कंपायलर अजून धड उभा नव्हता, तोच १५ ऑक्टोबर १९५६ ला त्याची पुस्तिका छापून आली. डेव्हिड सेयरने संपादित केलेली ती पुस्तिका ५१ पानांची होती. त्या काळच्या यंत्रांच्या जाडजूड पुस्तकांशेजारी ती ठेवली, की फोरट्रानची निम्मी जाहिरात होऊन जायची.

फेब्रुवारी १९५७ मध्ये लॉस एंजेलिसच्या परिषदेत गटाने आपलं काम मांडलं. त्या निबंधात एक छोटं उदाहरण आहे. एका प्रोग्रॅमरने एक दिवसाचं प्रशिक्षण घेतलं, पुस्तिका चाळली आणि ४ तासांत ४७ विधानांचा प्रोग्रॅम लिहिला. ७०४ ने ६ मिनिटांत त्याच्या सुमारे १००० यंत्र-आज्ञा केल्या. उत्तर चुकीचं आलं. मेमरीचा छापील पसारा न धुंडाळता, नुसतं उत्तर पाहून त्याने कोणतं विधान चुकलं ते ओळखलं, बदललं, पुन्हा चालवलं. या वेळी बरोबर. हाताने लिहायला ३ दिवस लागले असते, चुका शोधायला किती ते सांगता येत नाही, आणि एवढं करून प्रोग्रॅम फारसा वेगवान झाला नसता, असा त्याचाच अंदाज होता. पहिल्या धावेत चूक निघाली हे गटाने लपवलं नाही, म्हणून मला हे उदाहरण पटतं.

पिट्सबर्गची पेटी

एप्रिल १९५७ मध्ये पिट्सबर्गजवळच्या वेस्टिंगहाउस-बेटिस अणुऊर्जा प्रयोगशाळेत सुमारे दोन हजार पंच कार्डांची, म्हणजे भोकं पाडून आज्ञा नोंदवलेल्या पुठ्ठ्याच्या कार्डांची, एक पेटी आली. वर नाव नाही, सोबत सूचना नाहीत. बऱ्याच दिवसांपासून ज्याची चर्चा आहे तो फोरट्रानच असावा, असा तर्क तिथल्या हर्बर्ट ब्राइट आणि सहकाऱ्यांनी केला आणि कार्डं यंत्रात घातली. मग एक छोटा चाचणी प्रोग्रॅम दिला. टेपा फिरल्या, प्रिंटर चालला आणि छापून आलं ते चुकेचं निदान: एका विधानात स्वल्पविराम राहिला आहे. खरंच राहिला होता. कार्ड बदललं, पुन्हा चालवलं, आणि उत्तरांची पानं बाहेर पडू लागली. आयबीएमच्या बाहेरच्या गिऱ्हाइकाशी फोरट्रानचं पहिलं संभाषण झालं ते असं, विरामचिन्हावरून.

सगळीकडे इतकं सुरळीत झालं नाही. कंपायलरमध्ये चुका होत्या, त्या कळवल्या जात, दुरुस्तीची कार्डं जात. पण एका वर्षाने, एप्रिल १९५८ मध्ये, ७०४ असलेल्या २६ केंद्रांची पाहणी झाली तेव्हा निम्म्याहून जास्त केंद्रं आपली निम्म्याहून जास्त कामं फोरट्रानमध्ये करत होती. कित्येकांत हे प्रमाण ८० टक्के किंवा त्याहून जास्त होतं. कंपायलर बांधायला लागले होते सुमारे १८ मनुष्य-वर्षं.

हिशेब

या प्रकरणाचं श्रेय बहुतेक ठिकाणी ‘गणितासारखी सोपी भाषा’ या कारणाला दिलं जातं. मला ते अपुरं वाटतं. लॅनिंग आणि झिर्लर यांची भाषाही गणितासारखीच होती. फरक पडला तो निघालेल्या कोडमुळे. संशयी प्रोग्रॅमरने कंपायलरचा कोड उघडून पाहिला आणि त्यात खोट काढायला बसला, तर त्याला फारसं काही सापडत नव्हतं. कधी कधी उलट तोच काही शिकायचा. पुजाऱ्यांचा विरोध मोडला तो इथे.

या निवडीची किंमतही चुकवावी लागली. भाषा त्या एका यंत्राच्या अंगाने घडली. ‘इफ’ विधानाला ऋण, शून्य आणि धन अशा तीन वाटा होत्या. ते ७०४ च्या तीन वाटांच्या तुलना-आज्ञेची आठवण करून देतं. विधान कार्डाच्या ७व्या ते ७२व्या स्तंभातच बसवायचं, कारण ७०४ चं कार्ड-वाचक ७२ स्तंभच वाचे. रिकाम्या जागांना अर्थच नसल्यामुळे स्वल्पविरामाच्या जागी पडलेल्या एका बिंदूने लूपचं विधान साधं गणन होऊन बसे आणि कंपायलर गप्प राही. सर्वांत मोठी उणीव म्हणजे प्रोग्रॅमरला स्वतःचे उपप्रोग्रॅम लिहायची सोय पहिल्या फोरट्रानमध्ये नव्हती. मोठा प्रोग्रॅम सगळाच्या सगळा पुन्हा पुन्हा कंपाइल करावा लागे. १९५८च्या फोरट्रान-२ मध्ये ती सोय आली. पहिल्याच आवृत्तीत हवी होती, असं माझं मत. कोडच्या वेगाने झपाटलेल्या गटाचं लक्ष तिकडे गेलं नाही इतकंच.

भारतात ही भाषा यंत्रांसोबतच आली. आयआयटी कानपूरला १९६३ मध्ये आयबीएम १६२० हे यंत्र आलं आणि फोरट्रान शिकवणं सुरू झालं. मुंबईत कुलाब्याच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत १९६४ मध्ये सीडीसी ३६०० हे यंत्र बसवलं गेलं आणि इतर संस्थांच्या संशोधकांचीही कामं तिथे येऊ लागली. आज सत्तरीत असलेल्या अनेक मराठी अभियंत्यांनी कोडिंग शीटवरचा ७वा स्तंभ पाहिला आहे तो असा, न्यूयॉर्कमध्ये ठरलेल्या कार्ड-वाचकाच्या मर्यादेमुळे.

गटातली बहुतेक तंत्रं पुढे नव्या रूपात आली. जुलै १९५७ मध्ये आयबीएममध्ये लागलेल्या फ्रॅन्सेस ॲलन यांचं पहिलं काम होतं तिथल्या संशोधकांना फोरट्रान शिकवणं. शिकवण्यासाठी त्यांनी कंपायलरचा कोडच वाचून काढला, आणि पुढे प्रोग्रॅमच्या प्रवाहाचं विश्लेषण हेच त्यांचं आयुष्यभराचं काम झालं. २००६ चं ट्यूरिंग पारितोषिक, संगणकशास्त्रातला मोठा सन्मान, त्यांना त्यासाठीच मिळालं. कंसांची युक्ती मागे पडली. १९५९ मध्ये बॅकसनेच आल्गोल या प्रोग्रॅमिंग भाषेसाठी व्याकरण नेमकेपणाने लिहायची पद्धत मांडली, पीटर नाउरने ती घासून-पुसून वापरली, आणि ती दोघांच्या नावाने ओळखली जाऊ लागली. ‘फ्रीक्वेन्सी’ विधान मात्र टिकलं नाही. आपला प्रोग्रॅम कुठे वेळ खातो याबद्दल प्रोग्रॅमरचे अंदाज फार चुकतात. आजचे अनेक कंपायलर त्याला विचारण्यापेक्षा प्रोग्रॅम एकदा चालवून मोजमाप घेऊ शकतात आणि मग त्या आकड्यांवर, हाइब्ट आणि बेस्ट यांनी केलं तसंच, रजिस्टरचं वाटप ठरवू शकतात.